मादाम लिऊ-साँगची गॅलरी : कामाच्या नोंदी

१० जून

तारीख पक्की झाली. वाचनालयाचा वरचा हॉल, २७ ऑगस्ट, संध्याकाळी साडेसहा. एक तास मी बोलायचं आणि सोबत पडद्यावर क्लिप्स. तारीख मीच मागून घेतली, कारण २७ ऑगस्ट १९५१ ला अमेरिकेत ड्युमाँट नावाच्या नेटवर्कवर 'द गॅलरी ऑफ मादाम लिऊ-साँग' ही मालिका सुरू झाली होती. अमेरिकन टीव्हीवर आशियाई वंशाच्या अमेरिकन कलाकाराला मुख्य भूमिका देणारी ही पहिली मालिका, आणि ती भूमिका चिनी वंशाच्या नटीची, ॲना मे वाँगची.

वाचनालय सांभाळणाऱ्या काकूंनी रजिस्टरमध्ये नाव लिहिताना दोनदा विचारलं, "कोण गं ही, चीनची का?" म्हटलं नाही हो, अमेरिकेचीच, जन्म लॉस एंजेलिसचा, ३ जानेवारी १९०५, वडलांची लाँड्री होती, आणि वडलांचा जन्मसुद्धा कॅलिफोर्नियातलाच. काकू म्हणाल्या मग अमेरिकनच की. तेच तर, काकू. ते तिला आयुष्यभर सिद्ध करत बसावं लागलं.

ठरवलंय असं की अर्धा वेळ सिनेमांना आणि अर्धा वेळ मालिकेला. अडचण एवढीच की मालिकेचा एकही भाग आज अस्तित्वात नाही. फिल्म नाही, टेप नाही, स्क्रिप्टसुद्धा नाही.

१३ जून

भाच्याने फोनवर विचारलं, "मावशी, जी गोष्ट दाखवताच येणार नाही तिच्यावर अर्धा तास का?" त्याला नीट सांगता आलं नाही म्हणून इथे लिहून ठेवते.

नव्वदीच्या दशकात मी मुंबईत एका प्रॉडक्शन हाऊसच्या टेप लायब्ररीत होते, सहा वर्षं. यू-मॅटिक टेपांचे रॅक, नंतर बीटाकॅम. नवी टेप महाग म्हणून दर महिन्याला साहेबांकडून लिस्ट यायची, या टेपा मोकळ्या करा. बल्क इरेजरवर, म्हणजे टेप पुसणाऱ्या चुंबकावर, टेप ठेवायची, गोल फिरवायची, उलटी करून परत फिरवायची, हळूहळू लांब न्यायची, झालं. लॉग शीटवर 'ब्लँक' लिहायचं. एका लिस्टमध्ये जुन्या नाटकांमधून काम केलेल्या एका बाईंची अर्ध्या तासाची मुलाखत होती, लेबल वाचून मी थांबले होते, साहेबांना विचारून येऊ का असं मनात आलं होतं, पण जेवणाची सुट्टी व्हायला पाच मिनिटं होती आणि अजून अकरा टेपा बाकी होत्या. पुसली. दोन वर्षांनी त्या बाई गेल्या तेव्हा एका चॅनलवरून फोन आला, त्यांचं काही फुटेज आहे का तुमच्याकडे. फोन मीच घेतला होता. नाही म्हणून सांगितलं.

त्या बाईंचा आवाज कसा होता ते आता कुणालाही ऐकवता येणार नाही. म्हणून मला मालिकेवर अर्धा तास हवाय.

१७ जून

'द टोल ऑफ द सी' पूर्ण पाहिला. १९२२ चा, मूकपट, आणि रंगीत! टेक्निकलरची सुरुवातीची दोन-रंगी पद्धत, म्हणजे लाल आणि हिरवा एवढंच पकडता यायचं, खरा निळा नाहीच, त्यामुळे समुद्र हिरवट दिसतो आणि तिच्या अंगावरचं लाल रेशीम मात्र डोळ्यात भरतं. नायिका आहे ती, वय १७. किनाऱ्यावर वाहून आलेल्या अमेरिकन माणसाला लोटस फ्लॉवर वाचवते, त्याच्याशी लग्न करते, तो परत जातो, काही वर्षांनी येतो तो गोरी बायको घेऊनच. मग ही आपलं मूल त्या दोघांच्या हवाली करते आणि समुद्रात चालत जाते.

गोष्ट जुनी आहे, ठोकळेबाज आहे, पण चेहरा! त्या काळातले बाकीचे लोक डोळे फिरवून, हात छातीवर आपटून अभिनय करतात आणि ही जवळजवळ काहीच करत नाही. मुलाला समजावते तो सीन तीन वेळा मागे नेऊन पाहिला. डोळ्यात पाणी भरतं आणि तिथेच थांबतं.

आणि ही गोष्ट कार्यक्रमात सांगायचीच : या सिनेमाची मूळ निगेटिव्ह सापडली तेव्हा शेवटची दोन रिळं त्यात नव्हती. १९८५ मध्ये लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठाच्या फिल्म संग्रहाने सिनेमा दुरुस्त केला तेव्हा त्यांनी त्या जुन्या दोन-रंगी पद्धतीचा अस्सल कॅमेरा मिळवला आणि कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावर सूर्यास्ताच्या वेळी समुद्र नव्याने शूट करून शेवटाला जोडला. नुसता समुद्र. तिच्या जागी दुसरी कुणी बाई उभी केली नाही. मला हे फार योग्य वाटलं, का ते आज सांगता येत नाहीये पण वाटलं.

२२ जून

बालपणाचा भाग आज उरकला, स्लाइड तीनच ठेवल्या. लाँड्रीत कपडे पोचवायचं काम, त्यातून टिपचे पैसे, ते घेऊन शाळा बुडवून सिनेमा. शूटिंग रस्त्यावरच चालायचं तेव्हा, ही जाऊन उभी राहायची, प्रश्न विचारायची. १४ व्या वर्षी 'द रेड लँटर्न'मध्ये शेकडो एक्स्ट्रांमधली एक, हातात कंदील. घरचं नाव वाँग लिऊ-साँग. लिऊ म्हणजे विलोचं झाड, आपल्याकडचं वाळुंज त्याच कुळातलं, आणि साँग म्हणजे गोठलेलं दव. वाँग म्हणजे पिवळा. हे नाव लक्षात ठेवायला सांगायचं लोकांना कारण पुढे ते परत येणार आहे.

१९२४ चा 'द थीफ ऑफ बगदाद', डग्लस फेअरबँक्सचा. त्यात ही मंगोल दासी, राजकन्येच्या महालातली हेर. भूमिका छोटी पण जगभर नाव झालं ते यानेच. आणि आपला धागा इथे आहे, ओढूनताणून आणायची गरज नाही : १९२७-२८ ला ब्रिटिश सरकारने नेमलेली सिनेमाविषयक समिती, रंगाचारियर अध्यक्ष होते ती, हिंदुस्थानभर फिरून साक्षी घेत होती तेव्हा सगळ्यात लोकप्रिय सिनेमा म्हणून लोकांनी पुन्हा पुन्हा 'थीफ ऑफ बगदाद'चंच नाव घेतलं. म्हणजे आपल्या पणजोबांच्या पिढीने हिला पाहिलंय! काकूंना सांगितलं तर त्या म्हणाल्या मग त्याचं पोस्टर लावू दाराशी. लावू.

२९ जून

युरोप. हॉलिवूडमध्ये एकतर दासी नाहीतर कपटी बाई, आणि मोठी चिनी भूमिका असली की ती गोऱ्या नटीला, डोळ्यांच्या कडा चिकटपट्टीने ओढून. १९२८ च्या 'द क्रिमसन सिटी'त चिनी नायिका झाली गोरी मर्ना लॉय, आणि ॲना मे वाँग त्याच सिनेमात दुय्यम. ती सरळ जर्मनीला निघून गेली.

आपल्याकडे पण एकेकाळी बाईचं काम पुरुष करायचे, १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मधली तारामती साळुंके नावाच्या माणसाने केली, पण त्याचं कारण बायका मिळत नव्हत्या. इथे बाई मिळत होती, सेटवर हजर होती, भाषा येत होती. हा फरक नीट सांगायला हवा, नाहीतर प्रेक्षक म्हणतील आपल्याकडेपण होतंच की आणि विषय तिथेच संपेल.

बर्लिनला जाऊन ती जर्मन शिकली, फ्रेंच शिकली. १९३० मध्ये तिचा पहिला बोलपट आला तो इंग्रजी, जर्मन आणि फ्रेंच अशा तीन भाषांत वेगवेगळा शूट झाला आणि तिन्हींत ती स्वतःच बोललीय. त्याआधी लंडनला नाटक केलं होतं, लॉरेन्स ऑलिव्हिएसोबत, त्यात तिच्या कॅलिफोर्नियन उच्चारांवर टीका झाली तर पैसे भरून उच्चारांचं शिक्षण घेतलं. कामात कच्चं राहायचं नाही ही तिची सवय सगळीकडे दिसते.

'पिकाडिली' (१९२९) मधली क्लिप ठरली. लंडनच्या नाइटक्लबच्या मागच्या बाजूला भांडी घासायची मोरी, वाफ, ढीगभर ताटल्या, आणि शोशो, तिथली भांडेवाली, फाटक्या स्टॉकिंग्जमध्ये टेबलावर चढून स्वतःच्याच तंद्रीत नाचतेय, बाकीच्या बायका हातातलं काम टाकून बघत उभ्या आहेत. पोस्टरवर मुख्य नाव दुसऱ्या नटीचं, पण सिनेमा बघून आलेल्या माणसाला आठवते ती हीच. शेवटी शोशोला गोळी घातली जाते. हो, यातही मरतेच.

४ जुलै

आज फक्त कागद.

पहिला आकडा. १९३१, 'डॉटर ऑफ द ड्रॅगन', पॅरामाउंटचा. तिला ६,००० डॉलर. जपानी नट सेस्यू हायाकावाला १०,०००. वॉर्नर ओलंड, जो स्वीडनमध्ये जन्मलेला गोरा नट चिनी खलनायक झालाय आणि सिनेमात २३ मिनिटंच दिसतो, त्याला १२,०००. मुख्य भूमिका तिची होती. स्लाइडवर तीन आकडे एकाखाली एक, बाकी काही लिहायचं नाही.

दुसरा कागद म्हणजे फॉर्म ४३०. अमेरिकेत १८८२ पासून चिनी लोकांना येण्याची बंदी घालणारा कायदा होता, तो १९४३ ला रद्द झाला, म्हणजे तिच्या वयाच्या ३८ व्या वर्षापर्यंत. त्यामुळे इथेच जन्मलेल्या चिनी वंशाच्या माणसालाही परदेशी जायचं तर आधी हा फॉर्म भरून ठेवायचा, परत घ्या मला म्हणून. फॉर्मच्या शीर्षकात नागरिक या शब्दाआधी जो शब्द छापलाय त्याचं मराठी होतं 'कथित'. कथित अमेरिकन नागरिक. दर वेळी. बर्लिनमध्ये लोक स्टेशनवर हिला बघायला गर्दी करतात आणि घरी परत यायला हिला कथित म्हणून सही करावी लागते.

हे भाच्याला वाचून दाखवलं तर तो बराच वेळ गप्प होता. व्हिसाच्या रांगेत उभा राहून आलाय तो नुकताच.

९ जुलै

'शांघाय एक्सप्रेस' (१९३२) पाहिला परत. मार्लेन डीट्रिश आणि ही, एकाच डब्यात. डीट्रिशवर सगळा प्रकाश आणि पिसं आणि जाळी, ही शेजारी बसून पत्ते मांडते. पाच वाक्यं असतील तिला एका वेळी, पण ग्रामोफोन लावून त्या दोघी बसतात तिथे माझी नजर हिच्यावरच जाते. क्लिप दीड मिनिटाची घेतेय.

मग 'द गुड अर्थ'. यावर मला जास्त वेळ लागला कारण राग येतो आणि रागात वाक्यं लांबतात. एमजीएम स्टुडिओने चीनच्या शेतकरी कुटुंबावरच्या गाजलेल्या कादंबरीवर सिनेमा करायचं ठरवलं, सगळ्यात मोठी चिनी अमेरिकन अभिनेत्री म्हणजे हीच होती, वर्तमानपत्रांत हिचंच नाव चाललं होतं. पण नायक म्हणून पॉल म्युनी ठरला, गोरा. आणि हॉलिवूडच्या सेन्सॉर नियमांमध्ये वेगवेगळ्या वंशाच्या स्त्री-पुरुषांचा संबंध दाखवायला बंदी. नवरा गोऱ्या नटाने केला म्हणजे बायकोही गोऱ्या नटीनेच करायची. ओ-लानची भूमिका लुईझ रेनरला गेली, तिला ऑस्करही मिळालं. हिला विचारण्यात आलं ते लोटससाठी, घर बुडवणारी नाचगाणी करणारी दुसरी बाई. तिने नाही म्हटलं. एवढ्या मोठ्या चिनी गोष्टीत एकच वाईट बाई आहे आणि तेवढीच खऱ्या चिनी रक्ताच्या मुलीला देताय, असा तिचा मुद्दा होता.

त्याआधी १९३३ मध्ये लंडनच्या एका सिनेसाप्ताहिकाला दिलेल्या मुलाखतीतही तिने हेच विचारलं होतं, पडद्यावरचा चिनी माणूस कायम खलनायकच का. तिच्या बाजूने कुणी उभं राहिलं नाही म्हणून तिने बोलणं थांबवलं नाही.

१५ जुलै

१९३६, चीन. पहिल्यांदा. शांघाय, बीजिंग, मग वडलांकडच्या घराण्याचं गाव. ती घरी कँटनच्या बाजूची बोली बोलायची, मँडरिन येत नव्हती, म्हणून तिथे शिकवणी लावली. न्यूयॉर्कच्या 'हेराल्ड ट्रिब्यून'साठी प्रवासलेख लिहिले. सगळीकडे स्वागत झालं असं नाही, पडद्यावर तू चीनची बदनामी करतेस म्हणून तिकडे टीकाही झाली. इकडे फार चिनी, तिकडे फार अमेरिकन. परदेशात वाढलेल्या आपल्या पोरांना हे समजावून सांगावं लागणार नाही.

महत्त्वाचं : या प्रवासाचं चित्रीकरण तिने करवून घेतलं होतं, आणि १९५७ मध्ये 'बोल्ड जर्नी' नावाच्या टीव्ही कार्यक्रमात ते दाखवलं गेलं, निवेदन तिचं स्वतःचं. म्हणजे १९५१ चा टीव्ही गेला पण हा उरला. पन्नाशी ओलांडलेली ती बसून एकवीस वर्षांपूर्वीची स्वतःची फिल्म बघतेय आणि सांगतेय हे काय, ते कोण. ही क्लिप शेवटी घ्यायची की मधे, ठरत नाही.

२१ जुलै

घाईत. १९३७ चा 'डॉटर ऑफ शांघाय' : यात ती मरत नाही, कपटी नाही, वडलांचा खून शोधून काढते, जोडीला फिलिप आन, तोही आशियाई वंशाचा अमेरिकन, आणि शेवटी तो तिला लग्नाचं विचारतो. तासाभराचा छोटा बी-सिनेमा, २००६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय फिल्म नोंदणीत घेतला गेला. १९३९ च्या 'किंग ऑफ चायनाटाउन'मध्ये सर्जन. १९४२ ला दोन युद्धपट, छोट्या स्टुडिओचे, त्यांचं मानधन तिने चीनच्या मदतनिधीला दिलं. मग सात वर्षं पडदा नाही जवळजवळ. सँटा मोनिकातलं घर होतं ते तिने भाड्याच्या खोल्यांत बदललं, मूनगेट अपार्टमेंट्स नाव, घरमालकीण झाली.

२ ऑगस्ट

मालिका. जेवढं माहीत आहे तेवढं इथे उतरवते, त्यापलीकडे एक शब्द नाही.

२७ ऑगस्ट ते २१ नोव्हेंबर १९५१. दहा भाग, प्रत्येक अर्ध्या तासाचा, रात्रीच्या मुख्य वेळेत. भूमिका खास तिच्यासाठी लिहिलेली : मादाम लिऊ-साँग, कलावस्तूंची व्यापारी, जगभर गॅलऱ्या, आणि त्या धंद्यातून गुन्ह्यांच्या, आंतरराष्ट्रीय कारस्थानांच्या तपासात शिरणारी. भागांची नावं उरली आहेत, 'द इजिप्शियन आयडॉल', 'बर्निंग सँड्स', 'द स्प्रेडिंग ओक', 'द हाउस ऑफ क्वाएट डिग्निटी'. मधेच मालिकेचं नाव छोटं करून नुसतं 'मादाम लिऊ-साँग' झालं. दुसऱ्या सीझनचा विचार होता, १९५२ मध्ये तो बंद झाला. नंतर तिची तब्येतही ढासळत गेली.

नाव बघा. लिऊ-साँग. हॉलिवूडने तिला कितीतरी फुलांची, ड्रॅगनांची, फुलपाखरांची नावं दिली आणि इथे पहिल्यांदा तिचं जन्माचं नाव शीर्षकात आलं. दासी नाही, कुणाच्या मागे उभी नाही, हुशार बाई, स्वतःचा धंदा, शेवटी मरायचं नाही कारण पुढच्या आठवड्यात परत यायचंय. तीस वर्षं ज्याची वाट पाहिली ते अर्ध्या-अर्ध्या तासाने दहा वेळा मिळालं.

६ ऑगस्ट

आज ड्युमाँटचा भाग लिहिला आणि लिहिताना लक्षात आलं की १९५६ मध्ये ६ ऑगस्टलाच त्यांचं शेवटचं प्रक्षेपण झालं होतं, बॉक्सिंगची लढत.

थोडं तांत्रिक सांगावं लागेल, हॉलमध्ये तरुण मुलंही असतील. व्हिडिओ टेप १९५६ ला आली. त्याआधी टीव्ही जतन करायचा एकच मार्ग, मॉनिटरसमोर फिल्म कॅमेरा लावायचा आणि पडदा शूट करायचा, त्याला किनेस्कोप म्हणायचे. ड्युमाँटच्या कार्यक्रमांच्या अशा फिल्म खूप होत्या. नेटवर्क बंद पडल्यावर काही फिल्म त्यातल्या चांदीसाठी वितळवल्या गेल्या. बाकीच्यांचं काय झालं ते ईडी ॲडम्स या अभिनेत्रीने १९९६ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या सुनावणीत सांगितलं, तिचा नवरा अर्नी कोव्हॅक्सने ड्युमाँटसाठी कार्यक्रम केले होते म्हणून ती मागावर होती. सत्तरच्या दशकात कंपन्यांची खरेदी-विक्री चालली होती, फिल्म तापमान सांभाळून ठेवायचा खर्च कुणी करायचा यावर घोळ होता, तेव्हा एका वकिलाने सांगितलं मी बघतो. रात्री दोन वाजता तीन मोठे ट्रक गोदामाला लागले, माल बोटीत चढला आणि न्यूयॉर्कच्या खाडीत टाकून दिला.

मला हा वकील राक्षस वाटत नाही. जागा मोकळी करायची होती त्याला. लिस्ट होती त्याच्या हातात, मला माहितीये ती लिस्ट कशी असते.

१९२२ ची ती, समुद्रात चालत गेलेली, तिच्यासाठी कुणीतरी साठ वर्षांनी कॅमेरा घेऊन किनाऱ्यावर गेलं. १९५१ ची पाण्यातच राहिली.

१० ऑगस्ट

भाचा आला होता रात्री, साउंड त्याच्याकडे आहे. त्याने लॅपटॉपवर दाखवलं, जुन्या सिनेमातून तिचा चेहरा घेऊन त्याने एक चाळीस सेकंदाचा सीन बनवलाय, गॅलरी, मूर्ती, ती वळून बघते, कृष्णधवल, वर बारीक रेघा. हुबेहूब. "मावशी, मालिकेच्या जागी हे लावूया, खाली लिहू काल्पनिक." खूप मेहनत घेतली होती त्याने, रात्री दोनपर्यंत जागून.

नाही म्हटलं. तिच्या हयातीत प्रत्येक वेळी कुणीतरी दुसऱ्याने ठरवलं ती कशी वळेल आणि कशी बघेल, आणि जिथे बहुतेक तिचं तिला ठरवता आलं असेल तेच काम हरवलंय, तिथे आपण परत आपल्या मनाने तिला वळवायची? लोक तेच लक्षात ठेवून घरी जातील. यूसीएलएच्या लोकांनी नुसता समुद्र का जोडला ते मला १७ जूनला सांगता आलं नव्हतं, आज त्याला सांगताना सापडलं.

तो थोडा खट्टू झाला. मग त्यानेच विचारलं, मग अर्धा तास काय ऐकवायचं. बसून ठरवलं : भागांची नावं आणि जे माहीत आहे ते मी वाचायचं, मग फॉर्म ४३० ची एका बाजूला इंग्रजी आणि एका बाजूला मराठी स्लाइड, मग १९५७ चा तिचा खरा आवाज. आवाज स्वच्छ करायचं काम त्याने घेतलं, फक्त खरखर कमी करायची, बाकी हात लावायचा नाही.

१८ ऑगस्ट

शेवटची वर्षं, आठ मिनिटं. टीव्हीवर पाहुणी भूमिका करत राहिली, १९५६ मध्ये विल्यम वायलरने दिग्दर्शित केलेल्या 'द लेटर'मध्ये होती. १९६० ला 'पोर्ट्रेट इन ब्लॅक', अकरा वर्षांनी मोठा पडदा, लाना टर्नरच्या घरातली हाउसकीपर. त्याच वर्षी हॉलिवूडच्या फुटपाथवर तिच्या नावाचा तारा. मग 'फ्लॉवर ड्रम साँग'मध्ये घरातल्या मोठ्या बाईची भूमिका ठरली होती, तब्येतीने जमलं नाही. ३ फेब्रुवारी १९६१ ला झोपेत हार्ट अटॅक, वय ५६. त्याच्या काही दिवस आधीच टीव्हीवर तिचा शेवटचा भाग दाखवला गेला होता.

२०२२ च्या पाव डॉलरच्या नाण्यावर तिचा चेहरा आहे. ते नाणं भाच्याच्या मित्राने पाठवलंय, हॉलमध्ये हातातून हातात फिरवायचं.

२४ ऑगस्ट

रंगीत तालीम. ७१ मिनिटं झाली. 'डॉटर ऑफ शांघाय'ची क्लिप कापली, जीवावर आलं. राग आलेली दोन वाक्यं 'गुड अर्थ'मधून काढली, तीन आकड्यांच्या स्लाइडवर थांबायचं आणि बोलायचं नाही हे मात्र नक्की. काकूंनी पोस्टर लावलंय दाराशी.

२८ ऑगस्ट

काल झालं. ४६ माणसं, शेवटच्या रांगेत खुर्च्या कमी पडल्या. पिकाडिलीच्या मोरीत ती नाचायला लागली तेव्हा पुढच्या रांगेतल्या बायका हसल्या, आनंदाने, ओळख पटल्यासारख्या. फॉर्म ४३० ला शांतता. टेप पुसल्याचं मी सांगणार नव्हते पण सांगितलं गेलं, ड्युमाँटच्या नंतर लगेच, आवाज जरा गेला माझा तिथे.

मग सगळे चहाला उठल्यावर एक आजी काठी टेकत आल्या, माझा हात धरला आणि म्हणाल्या, "फिल्म गेली ते ठीक, पण तेव्हा बघणारी माणसं होती ना गं? ती सगळी गेली का?"

मी अडीच महिने कागद बघतेय आणि हे माझ्या डोक्यात आलं नाही. १९५१ ला दहा वर्षांचं असलेलं मूल आज ऐंशी ओलांडलेलं असेल. असतील की.

रात्री मामेबहिणीला मेसेज केला, ती न्यू जर्सीत असते आणि शनिवार-रविवार एका वृद्धाश्रमात गाणी म्हणायला जाते, तिथले बरेचसे आजी-आजोबा न्यूयॉर्कच्याच बाजूला वाढलेले. चार प्रश्न लिहून पाठवले. घरात टीव्ही कोणत्या वर्षी आला. न्यूयॉर्कचं चॅनल ५ लागायचं का, ड्युमाँटचं. १९५१ च्या पावसाळ्यानंतर, त्यांच्या भाषेत शरद ऋतूत, रात्री एक चिनी बाई दिसायची का, दुकानात मूर्ती असायच्या. आणि आठवत असेल तर तिचा आवाज कसा होता. कुणी बोललं तर रेकॉर्ड कर, फोनवर चालेल, आणि मला पाठवल्याशिवाय फोनमधून डिलीट करू नकोस.

सकाळी उत्तर आलंय, रविवारी जातेय म्हणाली.